सुभद्राबाईचं सामान

अकोल्याच्या मोठ्या स्टेडियममध्ये गॅलरीच्या पायऱ्यांखाली चौकीदाराची खोली होती. वर पायऱ्या जशा उतरत यायच्या तसं आत छतही उतरत जायचं. दाराशी माणूस ताठ उभा राही आणि चुलीपर्यंत पोचता पोचता कमरेत वाकलेला असे. उत्तमराव चौकीदार लग्नाआधीपासून तिथे राहत होते. मान वाकवायची त्यांना एवढी सवय जडली होती की भर बाजारात, मोकळ्या आभाळाखालीसुद्धा ते खांद्यात मान घालून चालत. त्यांची बायको सुभद्रा मात्र त्या छताला कधी शरण गेली नाही. लग्न होऊन आली त्याच दिवशी तिने कपाळ आपटून घेतलं आणि पुढचा सगळा संसार आपटतच केला.

"वाक ना वं जराशी," उत्तमराव म्हणायचे.

"मी काहून वाकू? ज्यायनं बांधलं त्यायले छत सरळ बांधता नाई आलं, आन् मी वाकू?"

कुंकवाच्या शेजारी तिला एक कायमचं टेंगूळ होतं. पोरी त्याला 'बाईचं मेडल' म्हणायच्या, अर्थात तिच्या माघारी.

सुभद्रा बार्शीटाकळीकडची. घरची काळी जमीन, दाराशी बैलं, खाऊनपिऊन सुखी घर. शाळेत असताना ती खो-खो अशी खेळायची की पळताना हिला धरावं कसं, हा समोरच्या संघाचा घरी जाऊन विचार करायचा विषय असे. एकदा शाळेचा संघ अमरावतीला विभागीय सामन्यांना गेला. तिथे तिने अनवाणी पायांनी खांबावर अशी झेप घेतली, की पंचाने शिट्टी वाजवायच्या आधी टाळी वाजवली. मग मुलगी मोठी झाली, म्हणजे घरच्यांना तसं वाटलं, आणि खेळ सुटला. पुढे स्थळं येऊ लागली. कोणाची नोकरी, कोणाची जमीन. उत्तमरावांचं स्थळ आलं तेव्हा मध्यस्थ म्हणाला, पोरगा अकोल्याच्या स्टेडियममध्येच राहतो. सुभद्राने नवरा नीट पाहिलाच नाही. तिने मनातल्या मनात मैदान पाहिलं आणि हो म्हणून टाकलं.

लग्न होऊन आली तर मैदानात सर्कस उतरलेली.

त्या स्टेडियमच्या कोनशिलेवर 'राष्ट्रीय क्रीडांगण' असं ठळक कोरलं होतं. आता राष्ट्रात जे जे काही असतं ते सगळं तिथे होऊन गेलं हे कबूल केलंच पाहिजे. सर्कस झाली, तेव्हा सुभद्राने हत्तीला स्वतःच्या बादलीने पाणी पाजलं. पुढाऱ्यांच्या सभा झाल्या. कृषी प्रदर्शनं झाली, त्यात बक्षीसपात्र रेडा उत्तमरावांचं धोतर खाऊन गेला. पोलीस भरती झाली, साड्यांचे सेल लागले, भागवत सप्ताह झाले, रोगाच्या साथीत खाटा पडल्या. मतमोजणीच्या दिवशी वर गॅलरीत कार्यकर्ते नाचायला लागले की खाली तिच्या डब्यांची झाकणं उडायची. झाकणांवरून तिला निकालाचा अंदाज यायचा. अधूनमधून, चुकून म्हणावं तसे, खेळांचे सामनेही व्हायचे. त्या दिवशी मात्र नेमका पाण्याचा नळ बंद असायचा.

असं असताना ती गप्प बसणारी बाई नव्हती. गॅलरी आणि कंपाउंडच्या भिंतीमध्ये एक मोठा कोपरा रिकामा होता. बांधकामाचा राडारोडा, विटांचे तुकडे, मुरूम, एवढंच तिथे. सुभद्राने तो साफ केला. माहेराहून सागाचे दोन खांब आणून रोवले, चुन्याने रेघा मारल्या आणि आजूबाजूच्या पोरी गोळा केल्या. परवानगीबिरवानगी तिने मागितली नाही. मागितली असती तर फाईल अजून फिरत राहिली असती.

पण मुरूम तो मुरूमच. पोरींनी सूर मारला की गुडघ्याची सालटी निघायची. सुभद्रा ऑफिसात जाऊन माती मागून थकली. तेव्हा प्रणाली नावाची एक पोरगी होती, शेतकऱ्याची. गुडघ्याला चिंधी बांधून यायची पण एक दिवस चुकवायची नाही. एका सकाळी ती खताच्या रिकाम्या पिशवीत काहीतरी ओढत ओढत घेऊन आली.

"बाई, आमच्या वावरातली माती हाये. लय मऊ हाये. याच्यात पडलं तं लागत नाई."

सुभद्रा त्या पिशवीकडे बघतच राहिली. मग तिने घरातली गव्हाची चाळणी आणली आणि ती माती चाळून खांबाशी पसरली. चाळणीत वर राहिलेले खडे तिने परत प्रणालीच्या पिशवीत टाकले. "हे घरी ने. खडे आमच्यापाशी लय हायेत."

तिथून रिवाज पडला. नवी पोरगी खेळायला आली की तिने आपल्या घरची घमेलंभर माती आणायची. शेत असेल तर शेतातली, नाहीतर अंगणातली, तेही नसेल तर तुळशीच्या कुंडीतली. सुभद्रा ती स्वतःच्या हाताने चाळणार, खडे परत करणार आणि माती मैदानात पसरणार, मगच पोरगी रांगेत बसणार. पोरींचे बापही कामाला लागले. कोणी बैलबंडीभर टाकून गेलं, कोणी ट्रॉलीभर. नुसती काळी माती भेगाळते म्हणून काटेपूर्णा नदीची वाळू चाळून मिसळली, पाणी मारलं, रोलर फिरवला. वर्षानुवर्षं हे चाललं. कोपऱ्यात गुडघाभर उंचीची माती झाली, आणि ती अशी की कोणाची कुठली हे देवालाही सांगता आलं नसतं. आजूबाजूच्या सगळ्या तालुक्यांची वावरं तिथे एकमेकांत मिसळून गेली होती. पायात जोडे घालून त्या मातीवर कोणी पाऊल ठेवलेलं तिला चालत नसे.

आता साहेबांकडे येऊ. स्टेडियमची एक समिती होती आणि समितीचे नवे व्यवस्थापक होते कुलदीप साहेब. माणूस वाईट नव्हता. वाईट असता तर बरं झालं असतं, निदान भांडायला मजा आली असती. हा हसून बोलणारा, उंटावरून शेळ्या हाकणारा. एका सकाळी ते ठेकेदाराला घेऊन कोपऱ्यात आले आणि बुटांसकट मैदानावर चढले. मागे उत्तमराव मान खाली घालून उभे होते.

"साहेब, जोडे," सुभद्रा म्हणाली.

साहेब हसले. बुटाच्या टाचेने त्यांनी माती दाबून पाहिली आणि ठेकेदाराला म्हणाले, "काय माती आहे बघा! एकदम तयार. लॉनला बाहेरून आणायला नको. वरून गवत लावलं की महिन्यात हिरवंगार."

"कायचं लॉन?"

"मंगल लॉन, सुभद्राबाई. लग्नकार्यासाठी. स्टेडियमला उत्पन्न नको का? आणि खो-खो आता मॅटवर खेळतात. मातीत लोळायचे दिवस गेले."

"मंग मॅट देता?"

"प्रस्ताव पाठवू ना."

"आन् तोवर पोट्ट्यायनं कुठी खेळावं?"

साहेबांनी दुसरंच सांगितलं. "हे बघा, सोमवारी काम सुरू होतंय. तुमचे खांब, रोलर, बादल्या, जे काही तुमचं सामान असेल ते रविवारपर्यंत हलवा. मागे काहीही राहायला नको."

"सगळं हलवू?"

"सगळं."

"पक्कं सांगता ना साहेब?"

"मराठीतच सांगतोय ना!" साहेब जरा चिडलेच. "सगळं सामान म्हणजे सगळं!"

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

त्या दुपारी सुभद्रा रडली, खोटं कशाला सांगा. चुलीपुढे बसून रडली, आणि धुराने डोळे चुरचुरतात असंही म्हणाली नाही. जागा जाणार याचं दुःख होतंच. पण खरा जाळ होता तो वेगळा. ज्या मातीला समितीने कधी तांब्याभर पाणी घातलं नाही, तिच्यावर म्हणे गवत छान येईल! आयत्या बिळावर नागोबा. त्या मातीवर लग्नाच्या पंगती उठणार, बुंदीचे लाडू पडणार, उंच टाचांच्या चपला फिरणार. आणि पोरी? पोरी भिंतीबाहेर.

उत्तमराव समजावत होते. "माह्या निवृत्तीले थोडेच दिवस रायले. गप रायनं होते का तुह्याच्यानं? खांब काढून घेऊ, झालं."

सुभद्राने पदराने तोंड पुसलं. रडता रडता तिच्या मनात साहेबांचं ते बोलणं घोळत होतं, आणि घोळता घोळता ती एकदम उठली. उठताना नेहमीसारखं डोकं आपटलं. तिने टेंगूळ चोळलं आणि विचारलं, "साहेब काय म्हनले, तुमच्यासमोर म्हनले ना? सगळं सामान हलवा, काई मागं ठिवू नोका?"

"हो. मंग?"

"मंग काई नाई. रविवारी मोठं फाटक उघडा लागन. टॅक्टर येतीन."

उत्तमरावांच्या लक्षात यायला थोडा वेळ लागला. लक्षात आलं तेव्हा त्यांनी कमरेची किल्ली चाचपून पाहिली.

सुभद्राने पोरींना सांगितलं, पोरींनी फोनवर सगळ्यांना कळवलं, जुन्या पोरींनाही. निरोप एवढाच होता की रविवारी सकाळी स्टेडियमवर या, आपापली माती न्यायला. रात्री चोरासारखं काही करायचं नाही हे सुभद्राने बजावून सांगितलं होतं. ऊन पडू द्या म्हणाली, सगळ्यांना नीट दिसलं पाहिजे.

आणि रविवारी माणसं आली. घमेली आली, फावडी आली, ट्रॅक्टर आले. सुभद्राचा थोरला भाऊ खुशालराव बार्शीटाकळीच्या रस्त्यावरच्या आपल्या शेतातून ट्रॉली घेऊन आला. त्याच्या शेताच्या कडेला जुनं खळं होतं. मळणीयंत्र आल्यापासून ते नुसतंच पडून होतं. माती तिथे न्यायची ठरली होती.

"खळ्यावर पोट्ट्या खेळवतं? लोक काय म्हनतीन?" असं तो दोन दिवस कुरकुरत होता. पण बहिणीचा स्वभाव त्याला लहानपणापासून ठाऊक होता, आणि आला तो सगळ्यांच्या आधी.

सगळे फाटकाशी येऊन थांबले. फाटकाला कुलूप. किल्ली उत्तमरावांच्या हातात, आणि उत्तमराव आपल्या खोलीच्या दारात उभे. नोकरीच्या सगळ्या वर्षांत या माणसाने वरून हुकूम आल्याशिवाय ते फाटक उघडलं नव्हतं. सुभद्रा काही बोलली नाही. तिला एवढं गप्प त्यांनी पूर्वी कधी पाहिलं नसावं. ते दारातून बाहेर आले, फाटकापाशी गेले आणि कुलूप काढलं. "साहेबायचा हुकूमच हाये," ते उगाच मोठ्याने म्हणाले, "सामान हलवाचा."

सुभद्राला त्या क्षणी आपला नवरा फार आवडला.

अर्धी माती उपसून झाली होती तेव्हा कुलदीप साहेब धावत आले. "हे काय चाललंय? माती कुठे नेताय?"

"सामान हलवून राह्यलो साहेब. तुमीच म्हनले ना, मागं काई ठिवू नोका?"

"अहो, माती कधी सामान असते का?"

"मंग काय असते? आमी डोक्यावर वाहून आनली. चाळून आनली."

साहेबांनी पोलिसांना फोन केला. एक हवालदार आले. वयस्क होते, मोटारसायकल लावून त्यांनी आधी सगळा पसारा शांतपणे पाहिला.

"काय चोरीले गेलं म्हनता?"

"माती. स्टेडियमची माती."

"समितीनं आनली होती का? काई पावती?"

"पावती कशी असेल? जागा समितीची आहे!"

"जागा तं जाग्यावरच हाये साहेब," हवालदार म्हणाले. "जागा कोनी घिऊन चाल्लं का?"

लोक हसले. साहेबांचा चेहरा पडला आणि मग रागाने लाल झाला. त्यांनी आवाज खाली आणला. "सुभद्राबाई, समजून घ्या. मातीच ती. शेतात हवी तेवढी पडलीय. ही राहू द्या, पाहिजे तर मी दुसरी देतो."

तेव्हा गर्दीतून प्रणाली पुढे आली. तीच, खताच्या पिशवीवाली. आता ती अमरावतीकडे नांदगाव पेठेच्या एका कापडाच्या कारखान्यात मशीन चालवत होती, दोन पोरांची आई झाली होती. कामावरून सुट्टी काढून पहिल्या बसने आली होती. तिने मूठभर माती उचलली.

"साहेब, आमचं वावर चारपदरी रस्त्यात गेलं. त्याच्यावरून आता टरका पयतेत. आमच्या वावराची माती या जगात आता फक्त इथं हाये. ही कोनती, ते मले नाई सांगता येत. म्हनून सगळीच न्या लागते."

तिने ती मूठ घमेल्यात टाकली आणि घमेलं डोक्यावर घेतलं. साहेब वाटेतून बाजूला सरले.

संध्याकाळपर्यंत खालचा मुरूम उघडा पडला. सागाचे खांब उपटले. त्यांचे खड्डे तेवढे अरुंद आणि खोल, तळापर्यंत कोणाचा हात पोचला नाही, तिथे थोडी माती राहून गेली. बाकी समितीची जागा समितीला जशीच्या तशी परत मिळाली, जशी पहिल्या दिवशी होती तशी. साफ करताना भिंतीशी रचलेले विटांचे तुकडेसुद्धा सुभद्राने हिशेबाने मागे ठेवले, कारण ते तिचं सामान नव्हतं.

याची किंमत मोजावी लागली. उत्तमरावांना नोटीस आली आणि खोली वेळेआधीच सोडावी लागली. दोघं खुशालरावाच्या खळ्याशेजारी टिनाच्या दोन खोल्यांत राहायला गेली. तिथलं छत चांगलं उंच आणि सरळ होतं. तरी उत्तमराव चुलीकडे जाताना अजून वाकतात, आणि सुभद्रा हसते. शहरातल्या काही पोरी तुटल्या, कारण रोज ऑटोने एवढं लांब कोण पाठवणार? त्यांची नावं काढली की सुभद्राचा आवाज अजून बसतो. पण बऱ्याच येत राहिल्या. खळ्याची जमीन मळणीने आधीच दगडासारखी बसलेली, तिच्यावर ती माती अशी जमली की जणू तिच्यासाठीच जागा राखून ठेवली होती. पुढच्या हंगामात अमरावतीला विभागीय सामने झाले. खळ्यावरच्या पोरी तिथे मॅटवर खेळल्या आणि जिंकूनही आल्या. मातीत लोळणाऱ्यांना मॅट म्हणजे गादी, सुभद्रा म्हणाली.

स्टेडियमच्या लॉनचं म्हणाल तर मुरमावर बाहेरून माती टाकून गवत लावलं. ते कधी पिवळं, कधी त्याहून पिवळं.

वर्षभराने एका रविवारी खळ्यापाशी एक चारचाकी थांबली. कुलदीप साहेब उतरले. मागून त्यांची मुलगी श्रावणी उतरली, सडपातळ, केस घट्ट बांधलेली. पोरी खेळायच्या थांबल्या. उत्तमरावांची मान आपोआप खाली गेली.

साहेबांनी मुलीला पुढे केलं. "ही... श्रावणी. स्टेडियममध्ये माझ्यासोबत यायची तेव्हा वर गॅलरीत बसून तुमचा खेळ बघायची. मला माहीतही नव्हतं. वर्षभर घरात एकच घोशा लावलाय, खेळायचं तर सुभद्राबाईंकडेच."

सुभद्राने पोरीकडे पाहिलं. "माती आनली?"

साहेबांनी गाडीतून घमेलं काढलं. त्यात लालसर, खडबडीत ढेकळं होती. "आम्ही तिसऱ्या मजल्यावर राहतो. अंगण नाही, कुंडीसुद्धा नाही," ते म्हणाले. "ही हिनेच खणून आणली. स्टेडियममधून."

"कुठून खनली वं?"

"खांब होता ना, तिथून," श्रावणी म्हणाली. "पूर्वेकडच्या खांबाची जागा मला माहीत होती. गवत काढून हात आत जाईल तेवढं खणलं."

सुभद्राने चाळणी आणली, तीच गव्हाची. घमेलं त्यात रिकामं केलं आणि चाळायला लागली. खडे वर नाचत राहिले, मुरूम गोळा झाला. खाली पोत्यावर आधी काहीच पडेना. मग हळूहळू काळी, मऊ माती पडू लागली. मूठभर झाली आणि थांबली.

सुभद्राने ती चिमटीत घेऊन चोळून पाहिली. तिचे डोळे भरून आले आणि तिने ते लपवले नाहीत.

"ही आमचीच हाये," ती पोरींना म्हणाली. "मागं रायली होती."

श्रावणीची ओंजळ पुढे धरून तिने ती माती तिच्या हातात दिली. "टाक तुह्या हातानं. खांबापाशी टाक. आन् चपला काढून रांगेत बस." पोरगी पायांनीच चपला भिरकावून धावली. आचल नावाची एक पोरगी सरकली आणि तिने नवीला रांगेत जागा करून दिली.

साहेब घमेलं हातात धरून तसेच उभे होते. सुभद्राने चाळणीतले खडे, मुरूम, विटांचा एक तुकडा, सगळं त्या घमेल्यात परत ओतलं. जसं ती प्रत्येकीला देत आली होती तसंच.

"साहेब, हे तुमचं सामान," ती म्हणाली. "हलवा. मागं काई ठिवू नोका."